नाल्यातल्या खेकड्याचा वडा

समुद्राकाठच्या माणसाला खेकड्याचा वडा सोपा. नांगी फोडली की पांढरं मांस अख्खं हातात येतं. अमेरिकेच्या चेसापीक उपसागरातला निळा खेकडा असाच मांसल असतो. त्याचं मांस वेचायचं, पावाचा चुरा आणि अंडं घालून वळायचं, तव्यावर परतायचं, ही तिकडची रीत. क्रॉस्बी गेज यांच्या १९३९ सालच्या न्यू यॉर्क जागतिक प्रदर्शनाच्या पाककृतींच्या पुस्तकात हा पदार्थ बाल्टिमोरच्या नावाने छापला गेला.

वऱ्हाडाला समुद्र नाही. अकोला-अमरावतीकडे मिळतो तो नाल्याच्या दरडीत बीळ करून राहणारा, गोड्या पाण्यातला खेकडा. दख्खनमधल्या अशाच एका खेकड्याचं शास्त्रीय वर्णन वेस्टवुड आणि कर्नल साइक्स यांनी १८३६ साली प्रसिद्ध केलं; बॅरिटेल्फुसा क्युनिक्युलॅरिस हे त्याचं आजचं नाव. या कुळाने समुद्राशी नातंच तोडलंय. समुद्री खेकड्याची पिल्लं सुरुवातीला पाण्यात तरंगत वाढतात. आपली मादी मात्र अंडी आणि मग पिल्लंही पोटाच्या पडद्याखाली धरून हिंडते, आणि पिल्लू सुटतं ते इवलासा पुरा खेकडा होऊनच. मांसाच्या बाबतीत मात्र हा खेकडा कंजूष. त्याचे पाय फोडत बसलं तर भाकर थंड होते.

म्हणून इथे कुटतात. पाय आणि लहान नांग्या पाट्यावर ठेचायच्या, थोडं पाणी घालून कपड्यातून पिळायच्या. तो राखाडी रस मंद आचेवर ठेवला की त्यातली प्रथिनं आवळून येतात आणि मऊ गुठळ्या वर तरंगतात. तोवर ढवळायचं नाही, नाहीतर सगळं विस्कटतं. व्हिएतनाममध्ये भातखाचरातले खेकडे नेमके असेच कुटून, गाळून, तापवून त्या गुठळ्या ‘बुन रिऊ’ नावाच्या शेवयांच्या रश्शावर घालतात. उत्तर थायलंडमध्ये तोच रस आटवून ‘नाम पू’ हा काळा लगदा करतात. कुणी कुणाकडून शिकलं, हा प्रश्न मला इथे गौण वाटतो. खेकडा लहान असला की स्वयंपाकघर पाट्याकडेच वळतं, आणि माझ्या मते या वड्याचं कूळ तिथेच आहे.

आपल्याकडे हा रस बहुधा रश्शात जातो आणि बेसन लावून दाट होतो. वडा ही त्याच रश्शाची पुढची पायरी. पाव-अंड्याचं काम इथे हरभरा करतो. हरभरा हे वऱ्हाडाचं रब्बीचं मोठं पीक, अकोल्याच्या डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठाचं ‘जाकी ९२१८’ हे वाण शेतकऱ्यांच्या चांगलं ओळखीचं आहे. चून-भाकरीच्या घरात डाळीचं पीठ काही मागून आणावं लागत नाही.

बेसन आधी कोरडंच, खमंग वास सुटेपर्यंत भाजावं. कच्चं पीठ रस पिऊन चिकट होतं आणि खेकड्याची चव झाकतं. निथळलेल्या गुठळ्या, उकडलेल्या धडातून निघेल तेवढं मांस, लसूण, आलं, हिरवी मिरची, भरपूर सांबार, म्हणजे कोथिंबीर, आणि मीठ एकत्र करून, गोळा जेमतेम धरेल इतकंच बेसन घालावं. खाली उरलेला रस फेकू नये, पीठ कोरडं वाटलं तर तोच चमचाभर शिंपडावा. वडे चपटे थापून फल्लीच्या तेलात तव्यावर, मध्यम आचेवर परतावेत. एक बाजू पक्की लाल झाल्याशिवाय उलथनं लावलं की वडा मोडतो. पावाचा चुरा घातला तर तो छान कुरकुरीत होतो खरा, पण कटलेटसारखा लागतो.

एका गोष्टीत हयगय नको. गोड्या पाण्यातल्या खेकड्यात फुफ्फुसात घर करणारा कृमी असू शकतो. ईशान्य भारतात त्याचे रुग्ण सापडले आहेत. म्हणून रसाला नीट उकळी यावी, धड पूर्ण शिजावं, आणि कच्च्या रसाचा पाटा, कपडा, हात लगेच धुवावेत. पोटाखाली पिल्लं असलेली मादी हाती लागली तर तिला पाण्यात सोडून द्यावं. आणि फवारणीच्या दिवसांत कपाशीच्या धुऱ्यालगतच्या नाल्यातला खेकडा घेऊच नये. शेतातून वाहून येणारं औषध त्याच पाण्यात उतरतं आणि कितीही उकळलं तरी जाईलच याची खात्री नसते. त्या दिवसांत वडा खायचाच असेल तर शेतांपासून दूरच्या, डोंगराकडच्या पाण्यातला खेकडा आणणाऱ्या ओळखीच्या भोयालाच विचारावं.