सुरतेचा पैसा, कोकणचे गलबत

सुरत हे मुघलांचे सर्वांत श्रीमंत बंदर. पण खोल समुद्रातले मालाने भरलेले जहाज थेट शहराच्या धक्क्याला लागावे, ही सोय तिथे कधीच नव्हती. तापी गाळ आणते, मुखाशी वाळूचे दांडे घालते आणि ओहोटीला वाट अडवून बसते. इंग्रज आणि डच म्हणूनच आपली मोठी जहाजे किनाऱ्यावरच्या सुवाळीला उभी करत. तिथून माल बैलगाड्यांनी नाहीतर लहान होड्यांनी शहरात जाई. याच दांड्यांनी इंग्रजांना लढाईतही हात दिला. 1612 मध्ये थॉमस बेस्ट आणि 1615 मध्ये निकोलस डाउन्टन यांनी सुवाळीच्या पाण्यात पोर्तुगीजांना तोंड दिले. दुसऱ्या वेळी तर गोव्याचा व्हाइसरॉय आझेवेदो स्वतः आरमार घेऊन आला होता, पण त्याच्या बोजड गॅलियनांना दांड्याच्या आत शिरताच आले नाही.

खंबायतच्या आखातापासून मलबारपर्यंतच्या दर्यावर्दींना हे कुणी शिकवायची गरज नव्हती. खाड्या, पुळणी, बुडीत खडक आणि दिवसातून दोनदा रूप पालटणारे पाणी यांतूनच त्यांच्या होड्या घडल्या. मचवा, शिबाड, पगार, तरांडे, गुराब, गलबत अशी ही भावकी मोठी आहे. सभासदाच्या बखरीत तिची यादीच दिली आहे. या भावकीतले लढाऊ जोडपे म्हणजे गुराब आणि गलबत. गलबत या शब्दाचे मूळ पोर्तुगीज की आणखी कुठले, यावर पंडितांचा वाद आहे. तो त्यांच्यापाशीच राहू द्यावा. होडीचा बांधा पाहिला तर अधिक हाती लागते.

तो बांधा अठराव्या शतकातला ईस्ट इंडिया कंपनीचा इतिहासकार रॉबर्ट ऑर्म याने बारकाईने लिहून ठेवला आहे. गुराबेला दोन डोलकाठ्या, क्वचित तीन. दोन डोलांची गुराब दीडशे टनांपर्यंतची, तीन डोलांची तीनशेच्या आसपास. लांबीच्या मानाने रुंदी भरपूर आणि बुडाला पाणी अगदी थोडे लागणारे. पुढे भूमध्य समुद्रातल्या गॅलीसारखी लांब, सखल नाळ. तिच्या मागच्या आडभिंतीत भोके पाडून दोन तोफा बसवलेल्या, त्या नाळेवरून सरळ समोर आग ओकत. गलबत त्याच घाटाचे पण लहान, मोठ्यात मोठे सत्तर टनांचे. पुढच्या डोलाला एक भले मोठे तिकोनी शीड. वजन वाचवायला तक्तपोशी बऱ्याचदा लाकडाची नसून चिरलेल्या बांबूंची, आणि काठांवर फिरत्या लहान तोफा. चाळीस-पन्नास वल्ही असली की वारा पडलेला असतानाही हे गलबत तासाला चार मैल काटत असे.

वारा पडल्यावर युरोपी जहाज जागच्या जागी डुलत राही. अशा वेळी गलबते आपल्या गुराबांना दोर लावून ओढत आणत, शत्रूच्या मागच्या बाजूला येत आणि त्याच्या डोलकाठ्यांवर मारा करत. काठ्या पडल्या की एकेका गलबतातून दोन-दोनशे, तीन-तीनशे माणसे तलवारी घेऊन जहाजावर चढत.

मराठ्यांच्या घरात ही होडी आली ती कल्याण-भिवंडीच्या वाटेने. 1657 मध्ये हा मुलूख शिवाजी महाराजांकडे आला आणि त्याबरोबर खाडीही आली. 1659 च्या सुमारास तिथे वीसेक लढाऊ जहाजे बांधायला काढली, तेव्हा रुई लैतांव व्हिएगस हा पोर्तुगीज आणि त्याचा मुलगा कामावर होता. त्यांच्या हाताखाली त्यांचीच कित्येक माणसे. वसईच्या पोर्तुगीज अधिकाऱ्याला हे कळताच त्याने आतून सूत्रे हलवली आणि एके दिवशी सारी मंडळी काम टाकून निघून गेली. काम मात्र थांबले नाही. सुतार इथलेच, सागवान इथलेच, आणि वल्ही मारणारे हात कोळी-भंडाऱ्यांचे.

पैशाची गोष्ट सुरतेशी जाऊन भिडते. 1664 च्या जानेवारीत महाराजांनी सुरत लुटली, तेव्हा तिथला मुघल अंमलदार इनायत खान तापीकाठच्या किल्ल्यात दार लावून बसला होता. त्याच वर्षी 25 नोव्हेंबरला मालवणजवळच्या कुरटे बेटावर सिंधुदुर्गाची पायाभरणी झाली. सुरतेचा नेमका किती रुपया कुठल्या चिऱ्यात गेला याचा हिशेब कुणी मांडू नये. पण एकाच वर्षातल्या या दोन घटना सुट्या वाचता येत नाहीत. पुढच्याच फेब्रुवारीत महाराज स्वतः आरमारात बसून कर्नाटकच्या किनाऱ्यावर बसरूरला उतरले. इंग्रजी पत्रांनुसार त्या ताफ्यात 85 लहान लढाऊ जहाजे होती आणि मोठी फक्त तीन. हे प्रमाणच ताफ्याचा स्वभाव सांगते.

सुरतेचा पैसा दुसऱ्या बाजूनेही वाहत होता. जंजिऱ्याच्या सिद्दीला औरंगजेबाने आपला दर्यासेनानी नेमले आणि त्याच्या आरमाराचा खर्च सुरतेच्या महसुलावर टाकला. इंग्रजांची वरिष्ठ कचेरी सुरतेलाच होती. मुंबईला एक तोफ हलवायची तर लेखी परवानगी सुरतेची. पश्चिम किनाऱ्यावर बेटासाठी भांडण निघाले की त्याचे बिल बहुधा तापीकाठीच पोहोचे.

असे भांडण 1679 मध्ये खांदेरीवरून पेटले. थळच्या किनाऱ्यासमोर, मुंबई बंदराच्या तोंडापासून फार लांब नसलेले हे लहानसे बेट. दोन टेकड्या, भोवती खडक, वस्ती नाही. 1672 मध्ये तिथे किल्ला बांधण्याचा मराठ्यांचा एक प्रयत्न इंग्रज आणि सिद्दीमुळे सोडून द्यावा लागला होता. आता ऑगस्टच्या अखेरीस, पावसाळा पुरता सरायच्या आत, मराठ्यांचा दर्यासरदार मायनाक भंडारी दीडशे माणसे आणि चार लहान तोफा घेऊन बेटावर उतरला आणि त्याने तट घालायला सुरुवात केली. वेळ मुद्दाम निवडलेली होती. त्या दिवसांत युरोपी जहाजे बंदरात बांधून ठेवलेली असत.

मुंबईकर इंग्रजांनी सप्टेंबरात शिबाडे पाठवून बेटाला वेढा घातला. 19 तारखेच्या सुमारास लेफ्टनंट फ्रान्सिस थॉर्पचे शिबाड सरळ बेटाला जाऊन लागले. तो दारूच्या अमलात होता, असे इंग्रजांच्याच नोंदी सांगतात. खडकांत उतरता उतरता थॉर्प आणि त्याचे दोन सोबती ठार झाले, बाकीचे पकडले गेले. तटावर सज्ज असलेल्या माणसांसमोर होडीतून उतरायचे म्हणजे काय, याचा हा आपल्या किनाऱ्यावरचा एक कडू नमुना.

मग ‘हंटर’ आणि ‘रिव्हेंज’ ही मोठी जहाजे आली. त्यांच्यावर कॅप्टन मिन्चिन आणि कॅप्टन केग्विन. आता बेटाची उपासमार होणार, हा त्यांचा अंदाज होता. झाले उलटेच. अंधार पडला की थळ-नागावच्या बाजूने मराठ्यांच्या लहान होड्या निघत, खडकांमधून वाट काढत, ‘रिव्हेंज’ला जिथे जाताच येत नव्हते अशा पाण्यातून बेटाला लागत. धान्य, चुना, दारूगोळा, ताजी माणसे उतरवून पहाटेपूर्वी परत. वारा नसला तर वल्ही होतीच. इंग्रजांची पत्रे सुरतेला जात ती याच तक्रारीने भरलेली: या होड्या आपल्या हाती लागत नाहीत, आपल्याकडे तशा नाहीत. सुरतेहून येणाऱ्या उत्तरांचा सूर खर्चाचा होता. कापूस आणि नीळ विकणाऱ्या कंपनीला एका ओसाड खडकासाठी किती दिवस जहाजे गुंतवायची, हा प्रश्न अगदीच गैर नव्हता.

18 ऑक्टोबरच्या पहाटे दौलतखान मराठ्यांचे आरमार घेऊन वेढ्यावर तुटून पडला. पुढून तोफा डागत गलबते इतक्या वेगाने आली की इंग्रजांना नांगर उचलायलाही उसंत मिळाली नाही. त्यांच्या ‘डव्ह’ नावाच्या गुराबेने अर्ध्या तासाच्या आत निशाण उतरवले; बाकीच्या होड्या पांगल्या. ‘रिव्हेंज’ एकटीच उरली आणि तिने मात्र शर्थ केली. तिच्या तोफांनी पाच गलबते बुडवली आणि उरलेल्यांना मागे रेटले. मराठी वर्णनांत हा भाग बऱ्याचदा गाळला जातो, तो गाळू नये. उघड्या, खोल पाण्यात गलबत युरोपी जहाजाला पुरे पडत नसे. पण पळताना दौलतखानाची गलबते नागोठण्याच्या खाडीच्या मुखाशी उथळ पाण्यात शिरली आणि ‘रिव्हेंज’ बाहेरच थांबली. उरलेले आरमार शाबूत राहिले आणि रात्रीच्या फेऱ्याही सुरू राहिल्या.

नोव्हेंबरात सिद्दी कासम आपला ताफा घेऊन आला. त्याच्याकडे पंधराएक चांगली गलबते होती. काट्याने काटा काढायची ही तयारी होती, पण इंग्रजांना त्याच्या हाती बेट जाण्याचीही तितकीच धास्ती होती. 1680 च्या सुरुवातीला त्यांनी महाराजांशी समेट करून खांदेरीवरून हात काढून घेतला. सिद्दीने जानेवारीत शेजारच्या, किनाऱ्याला अधिक जवळ असलेल्या उंदेरीवर माणसे उतरवून तिथे तोफा चढवल्या. दौलतखानाने उंदेरी घ्यायचा प्रयत्न केला, तो फसला आणि तो स्वतः जखमी झाला. उतरणाऱ्याचे हाल इथे मराठ्यांच्या वाट्याला आले.

खांदेरीच्या लढाईचे एक भावंड पॅसिफिक महासागरात सापडते, 264 वर्षांनंतरचे. 20 नोव्हेंबर 1943 रोजी अमेरिकी मरीन तारावा कंकणद्वीपातल्या बेतिओ या चिमुकल्या बेटावर उतरायला निघाले. त्यांच्या सपाट बुडाच्या हिगिन्स बोटींना भरल्यावर साधारण चार फूट पाणी लागे. त्या दिवशी भांगाची भरती होती, उधाणाची नव्हती. प्रवाळाच्या कड्यावर पाणी तीन फुटांच्या आसपासच राहिले. बोटी कड्यावर अडल्या. सैनिकांना शेकडो यार्ड छातीभर पाण्यातून, समोरून मशीनगनचा मारा होत असताना, चालत जावे लागले. कड्यावरून चढून पलीकडे गेली ती ‘अॅलिगेटर’ जातीची पट्ट्यांवर चालणारी वाहने, पण ती होती जेमतेम सव्वाशे. तीन दिवसांत सुमारे एक हजार अमेरिकी मेले. जपानी फौजेतले जिवंत हाती लागले ते फक्त सतरा.

या दोन्ही वाहनांचे कूळ गमतीचे आहे. अँड्र्यू हिगिन्सची बोट मुळात लुइझियानाच्या दलदलीत फिरणाऱ्या सापळे लावणाऱ्या शिकाऱ्यांसाठी आणि तेल शोधणाऱ्यांसाठी घडली. ‘अॅलिगेटर’ डोनाल्ड रोब्लिंगने फ्लोरिडात बनवला तो वादळानंतर चिखलपाण्यात अडकलेल्यांना सोडवण्यासाठी. युद्धखात्याच्या नकाशाघरात दोन्हींपैकी एकही जन्मले नाही. गलबतही कोळ्यांच्या आणि किनारी व्यापाऱ्यांच्या होड्यांच्याच घरातले. तोफ त्याच्यावर नंतर चढली.

मराठ्यांनी हा अनुभव कागदावरही आणला. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात आरमारावर स्वतंत्र प्रकरण आहे. गुराबा आणि गलबते फार मोठी नकोत, फार लहानही नकोत. जी वाऱ्यावाचून चालत नाहीत अशी अवजड जहाजे बांधूच नयेत. पाच गुराबा आणि पंधरा गलबते मिळून एक सुभा करावा, असे त्यात बजावले आहे. त्याच प्रकरणात रयतेच्या आंब्या-फणसाला हात लावू नये अशीही ताकीद आहे. डोलकाठी हवी म्हणून परसातले झाड तोडणारे कारभारी तेव्हाही होते, हे उघड आहे.

कान्होजी आंग्र्यांनी गुराब-गलबतांच्या याच जोडगोळीवर किनारा राखला. इंग्रजांनीही अखेर हट्ट सोडला आणि मुंबईच्या आरमारात स्वतःच्या गुराबा आणि गलबते बांधून घेतली. बांधणारे हात सुरतेचेच होते. सुरतेच्या गोदीतला लवजी नसरवानजी वाडिया हा पारशी कारागीर 1736 मध्ये आपले सुतार घेऊन मुंबईला गेला आणि तिथल्या जहाजबांधणीचे घराणे त्याच्यापासून सुरू झाले. 4 मार्च 1759 रोजी इंग्रजांनी सुरतेचा किल्ला घेतला, सिद्दीला बाजूला सारले आणि बादशाही आरमाराचा तनखाही आपल्याकडे वळवला. ज्या तिजोरीतून खांदेरीवर तोफा झाडल्या गेल्या, तिची किल्ली अशी कंपनीच्या कमरेला आली.

11 जुलै 2025 रोजी युनेस्कोने मराठ्यांच्या बारा किल्ल्यांना जागतिक वारसा म्हणून मान्यता दिली. त्यांत खांदेरी आहे, सुवर्णदुर्ग, विजयदुर्ग आणि सिंधुदुर्गही आहेत. तटांची डागडुजी होईल, फलक लागतील. ज्या होडीवाचून हे जलदुर्ग राखता आले नसते, ती पाहायची मात्र कुठे सोय नाही. त्याच वर्षी मे महिन्यात नौदलाने ‘कौंडिण्य’ हे काथ्याने शिवलेले जहाज ताफ्यात घेतले. अजिंठ्याच्या भित्तिचित्रातल्या एका आकृतीवरून ते पुन्हा घडवले गेले. गलबताबद्दल तर चित्रे, लेखी वर्णने आणि मापे असा कितीतरी जास्त ऐवज हाताशी आहे, आणि कोकणात लाकडी होडी बांधणारे सुतारही अजून आहेत. महाराष्ट्राच्या पुरातत्त्व खात्याने, नौदलाने किंवा सुरतेच्या एखाद्या धनिकाने मनावर घ्यावे, चाळीस वल्ह्यांचे एक खरेखुरे गलबत बांधावे आणि ते थळच्या किनाऱ्यावर पाण्यात ठेवावे.