पॅम ग्रिअर: स्वस्तातल्या सिनेमाची नायिका
आज अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय नटी पॅम ग्रिअर यांच्याविषयी. १९७१ मध्ये फिलिपिन्समध्ये काढलेल्या, बायकांच्या तुरुंगावरच्या सिनेमातून त्या पुढे आल्या. कमी खर्चाचे हे सिनेमे मारामारी आणि बाईचं उघडं अंग दाखवून गल्ला भरत. १९७३ च्या ‘कॉफी’तही ते होतंच, पण त्यात धाकट्या बहिणीला नशेला लावणाऱ्यांचा सूड नर्स झालेली पॅम स्वतः घेते. वाचवायला कुणी हिरो येत नाही. पुढे ती लाट ओसरली, मोठ्या भूमिका आटल्या. १९८८ मध्ये त्यांना गर्भाशयाच्या तोंडाचा कॅन्सर निघाला. उपचारांनी त्या बऱ्या झाल्या आणि १९९७ मध्ये ‘जॅकी ब्राउन’च्या नायिका म्हणून परतल्या. बायांनो, दुखणं अंगावर काढू नका. तपासणी करून घ्या.