तर्क कुणाच्या बापाचा?



आपल्या अभ्यासवर्गात एक सवाल हटकून येतो. 'हे बुद्धिप्रामाण्य वगैरे सगळं युरोपातनं आलेलं. आपला त्याच्याशी काय संबंध?' विचारणारे दोन तऱ्हेचे असतात. एकाला आपला सनातनी माल खपवायचा असतो. त्याला उत्तर द्यायची मला गरज वाटत नाही. दुसरा आपलाच असतो, रागावलेला. गोऱ्यांनी जगभर माणसं विकली, त्यांचं तत्त्वज्ञान आपण कशाला डोक्यावर घ्यायचं, असं तो म्हणतो. त्याला उत्तर द्यावंच लागतं, कारण त्याचा राग खरा आहे. म्हणून हा लेख.

अठराव्या शतकातला फ्रान्स डोळ्यांपुढं आणा. राजा देवानं नेमलेला. समाजाचे तीन थर: पहिला पाद्र्यांचा, दुसरा सरदारांचा, तिसरा बाकी सगळ्या जनतेचा. कराचं ओझं तिसऱ्याच्या पाठीवर, मान वरच्या दोघांना. पुस्तक छापायचं तर सरकारी सेन्सॉरची परवानगी. १६८५ साली चौदाव्या लुईनं प्रोटेस्टंटांना पूर्वी दिलेली मुभा काढून घेतली. तेव्हापासून प्रोटेस्टंट माणूस कायद्याच्या वहीत उरलाच नाही. पाद्र्यानं लावलं नाही ते लग्न नव्हे, आणि त्या लग्नाची पोरं अनौरस.

अशा राज्यात तूलूझ शहरात ज्याँ कालास नावाचा एक कापडवाला राहत होता. प्रोटेस्टंट. वय साठीच्या पुढं. त्याचा थोरला मुलगा मार्क-आंत्वान कायदा शिकला, पण वकिली करता येईना. वकिलीला कॅथलिक असल्याचा दाखला लागायचा आणि तो त्याच्याकडं नव्हता. दाखल्यापायी अडलेला शिकलेला पोरगा कसा असतो, हे आपल्याला कुणी समजावून सांगायला नको. १३ ऑक्टोबर १७६१ च्या रात्री तो बापाच्या दुकानात मेलेला सापडला.

बाहेर गर्दी जमली. गर्दीतनं कुणीतरी ओरडलं, पोरगा कॅथलिक होणार होता म्हणून बापानंच त्याला मारला. झालं. ती आरोळीच पुढं पुरावा बनली. घरच्यांनी आधी सांगितलं, कुणा परक्यानं खून केला असेल. मग सांगितलं, त्यानं स्वतःच फास लावून घेतला. जबानी का बदलली? आत्महत्या करणाऱ्याचं प्रेत रस्त्यातनं फरफटत न्यायची तिथं शिक्षा होती. पोराची ती विटंबना टाळायला घरच्यांनी खोटं सांगितलं, आणि ते बापाच्या गळ्याशी आलं.

चर्चमधून फर्मान वाचलं गेलं: ज्याला काही माहीत असेल, ज्याच्या कानावर काही आलं असेल, त्यानं पुढं येऊन सांगावं. खून झालाय हे फर्मानातच धरून चाललेलं. मेलेल्या पोराला कॅथलिक हुतात्मा ठरवून थाटामाटात पुरलं. ऐकीव गोष्टींचे तुकडे जमवून कोर्ट त्यांची बेरीज करायचं: पाव पुरावा, अष्टमांश पुरावा. आठ अफवा जमल्या की एक अख्खा पुरावा तयार, अशी या हिशेबाची टर पुढं व्होल्तेअरनं उडवली. ९ मार्च १७६२ ला तूलूझच्या पार्लमेंटनं, म्हणजे तिथल्या वरच्या कोर्टानं, १३ पैकी ८ मतांनी म्हाताऱ्याला मरणाची शिक्षा दिली. दुसऱ्या दिवशी चौकात लोखंडी कांबीनं त्याची हाडं मोडली, चाकावर टाकला, शेवटी गळा आवळला. मरेस्तोवर तो एकच सांगत होता, मी निर्दोष आहे.

व्होल्तेअर तेव्हा सरहद्दीजवळ फेर्ने गावी राहत होता. अडुसष्टीला आलेला, नाव मोठं, पैशाच्या व्यवहारात मुरलेला. संत नव्हता. पण त्यानं काय केलं ते बघा. कालासच्या धाकट्या मुलाला बोलावून खोदून खोदून विचारलं. पत्रं पाठवून माहिती जमवली. आणि मग सरळ प्रश्न मांडले. साठीच्या पुढचा म्हातारा अठ्ठावीस वर्षांच्या धडधाकट पोराला एकटा कसा लटकावेल? एकट्यानं जमणार नाही, तर घरातल्या सगळ्यांनी मिळून मारला असला पाहिजे. मग कोर्टानं बापाला चाकावर टाकलं, एका मुलाला हद्दपार केलं आणि बाकीच्यांना सोडून कसं दिलं? घरातली मोलकरीण पक्की कॅथलिक. तिनंच पूर्वी याच घरातल्या दुसऱ्या मुलाला, लुईला, कॅथलिक व्हायला मदत केलेली. ती या खुनात सामील होईल? आणि तो लुई कॅथलिक झाला तेव्हा बापानं त्याला मारलं नाही, उलट खर्चाला पैसे दिले. मग याच पोराला का मारेल?

यात देव आहे की नाही हा वाद कुठंच नाही. पुरावा दाखवा आणि कारण सांगा, एवढीच मागणी आहे. त्या काळी कोर्ट निकालाची कारणं देत नसे. कोर्टानं म्हटलं म्हणजे झालं. अशा कोर्टाला 'कागद बाहेर काढा' म्हणणं हाच बंडखोरपणा होता. १७६३ मध्ये व्होल्तेअरनं सहिष्णुतेवर ग्रंथ लिहिला. त्याच वर्षी राजाच्या मंडळानं तूलूझकडनं खटल्याचे कागद मागवले. १७६४ मध्ये निकाल रद्द झाला. ९ मार्च १७६५ ला, शिक्षा सुनावल्याला बरोबर तीन वर्षं झाली त्या दिवशी, कालास निर्दोष ठरला. राजानं घरच्यांना ३६,००० लिव्र दिले. मेलेला माणूस परत आला नाही. पण अफवेच्या बेरजेला न्याय म्हणायची पद्धत साऱ्या युरोपापुढं नागवी झाली. प्रोटेस्टंटांना कायद्यानं माणूस म्हणून नोंद मिळायला मात्र १७८७ उजाडलं.

तर्क दरवेळी जिंकतोच असं नाही. आबव्हील गावात शव्हालिए द ला बार नावाचा विशीतला पोरगा होता. पुलावरच्या लाकडी क्रुसाची कुणीतरी मोडतोड केली. गाव खवळलं. याच्यावर आरोप आले: धार्मिक मिरवणूक समोरनं गेली तेव्हा यानं टोपी काढली नाही, आणि हा वाईट गाणी म्हणतो. १ जुलै १७६६ ला त्याचं मुंडकं उडवून प्रेत जाळलं. त्या आगीत व्होल्तेअरचा 'तत्त्वज्ञानकोश' टाकला. इथं व्होल्तेअर हरला. ला बारला निर्दोष ठरवलं ते क्रांतीनंतर, १७९३ मध्ये. 'आमच्या भावना दुखावल्या' या शब्दांमागं काय उभं असतं, ते या पोराकडं बघून कळतं.

दुसरा माणूस दिदरो. बाप चाकू-सुऱ्या बनवणारा कारागीर. १७४९ मध्ये एका पुस्तकापायी पोराला व्हँसेनच्या किल्ल्यात कोंडलं. सुटल्यावर त्यानं दालाँबेरबरोबर 'विश्वकोश' काढला. १७५१ ते १७७२, मजकुराचे १७ खंड आणि चित्रांचे ११. १७५९ मध्ये छापायचा परवाना काढून घेतला, पोपनं बंदी घातली, तरी काम चालू. मला या कोशात सगळ्यात मोठी वाटते ती गोष्ट वेगळीच आहे. दिदरोनं कारखान्यांतलं ज्ञान लिहून घेतलं. मोजे विणायचं यंत्र कसं चालतं, काच कशी करतात, सुरी कशी घडते. ज्या हातांना पंडितांनी कधी ज्ञानी म्हटलं नाही, त्यांची कला आणि धर्मशास्त्र एकाच अकारविल्हे रांगेत बसली. उच्चनीच संपलं, अक्षराची पाळी तेवढी उरली. आणि दिदरोची खोडी बघा. 'नरभक्षक' या नोंदीखाली वाचकाला धाडलंय कुठं, तर चर्चमधल्या प्रसादाच्या विधीच्या नोंदीकडं! सेन्सॉर एकेक नोंद सुटी वाचणार, वाचक दोन्ही जोडणार.

तिसरा माणूस आपल्याला सगळ्यात जवळचा. थॉमस पेन. १७३७ चा जन्म, इंग्लंडातल्या थेटफर्डचा. बाप बायकांची कॉर्सेटं शिवायचा, पेनही तेच शिकला. पुढं अबकारी खात्यात चाकरी केली, तीही गेली. १७७४ मध्ये अमेरिकेला गेला. १७७६ मध्ये त्याचं 'कॉमन सेन्स' आलं, आणि राजा हवाच कशाला हा प्रश्न कारागिरांच्या तोंडी आला. १७९१-९२ मध्ये 'राइट्स ऑफ मॅन' आलं. एडमंड बर्क म्हणत होता, वाडवडिलांनी घातलेली घडी मोडू नये. पेनचं उत्तर असं होतं की मेलेल्यांना जिवंतांवर राज्य करायचा हक्क नाही. जन्मानं राजा होणं हे जन्मानं गणिती होण्याइतकंच हास्यास्पद आहे. यापायी इंग्लंडात त्याच्या पाठीमागं राजद्रोहाचा खटला चालवला.

त्यानंतरचं 'एज ऑफ रीझन'. त्यातला एक मुद्दा आपल्या प्रत्येक कार्यकर्त्याला पाठ पाहिजे. देव कुणाशी बोलला असं घटकाभर धरून चालू. तरी ते देववचन फक्त त्या एकट्यापुरतं. त्यानं दुसऱ्याला सांगितलं, दुसऱ्यानं तिसऱ्याला, की ती ऐकीव गोष्ट झाली. ती मानायचं बंधन चौथ्यावर नाही. आता 'श्रुती' या शब्दाचा अर्थ आठवा. ऐकलेलं! नावातच कबुली आहे.

हे पुस्तक विकल्यापायी लंडनचा रिचर्ड कार्लाइल १८१९ पासून सहा वर्षं तुरुंगात होता. तो आत गेला की दुकानात दुसरा उभा राहायचा, त्याला धरलं की तिसरा. पेनचं 'राइट्स ऑफ मॅन' पुण्यात पोचलं आणि तरुण जोतीरावांनी ते १८४७ च्या सुमारास वाचलं, असं त्यांचे चरित्रकार सांगतात. १८४८ मध्ये मुलींची शाळा निघाली. एका पुस्तकानं शाळा निघाली असं मी म्हणणार नाही. अंगावरचा अपमान जोतीरावांचा स्वतःचा होता. पण कॉर्सेटवाल्याच्या पोराची भाषा माळ्याच्या पोराला लगेच कळली, याचं मला नवल वाटत नाही.

आता त्या रागावलेल्या मित्राकडं येतो. तो म्हणतो ते खोटं नाही. ज्या १६८५ साली लुईनं प्रोटेस्टंटांना कायद्याबाहेर काढलं, त्याच साली त्यानं वसाहतींतल्या गुलामांसाठी 'काळा कायदा' काढला. व्होल्तेअर कालाससाठी लढला, पण काळी माणसं वेगळ्याच जातकुळीची, असं लिहून गेला. कान्ट १७८४ मध्ये सांगतो, स्वतःची बुद्धी वापरायचं धाडस करा. हाच कान्ट १७६४ मध्ये एका आफ्रिकी माणसाचं बोलणं उडवून लावतो. कारण काय देतो? तो नखशिखांत काळा होता, हा त्याच्या मूर्खपणाचा पुरावा! बघा, पुरावा म्हणजे कातडी. तूलूझच्या पाव पुराव्याहून हे काय वेगळं? आणि कान्टनं हे लिहिण्याच्या जवळजवळ तीस वर्षं आधी, आजच्या घानात जन्मलेला आंतोन विल्हेल्म आमो जर्मनीत हाल्लेच्या विद्यापीठात तत्त्वज्ञान शिकवत होता.

पण म्हणून तर्क टाकून द्यायचा? सँ-दोमँगच्या गुलामांनी टाकला नाही. १७८९ मध्ये पॅरिसनं जाहीर केलं, माणसं जन्मतः स्वतंत्र आणि समान. त्या बेटावर तेव्हा पाच लाखांच्या आसपास गुलाम उसाच्या मळ्यांत मरत होते. ऑगस्ट १७९१ मध्ये ते उठले. 'सगळी माणसं' म्हणालात ना, मग आम्ही कोण, हा त्यांचा सवाल होता आणि हातात कोयते होते. ४ फेब्रुवारी १७९४ ला पॅरिसला गुलामी रद्द करावी लागली. १८०२ मध्ये नेपोलियननं ती परत आणायचा घाट घातला. तूसँ लुव्हेर्तूर १८०३ मध्ये फ्रान्सच्या थंडगार किल्ल्यात कैदेत मेला. तरी १ जानेवारी १८०४ ला हैती स्वतंत्र झालं. १८२५ मध्ये फ्रान्सनं त्याच्यावर १५ कोटी फ्रँकची भरपाई लादली. मालकाचं नुकसान गुलामानं भरून द्यायचं! तर्काची गोष्ट अर्ध्यावर सोडली की ती अशी नासते. ती शेवटापर्यंत नेली ती गुलामांनी. पंडितांची हिंमत जिथं संपली, तिथनं ते पुढं गेले.

म्हणून मी म्हणतो, तर्क युरोपच्या बापाचा नाही. कालामांना बुद्धानं सांगितलं होतं, परंपरा आहे म्हणून, ग्रंथात आहे म्हणून, गुरू म्हणतो म्हणून मानू नका. मनुस्मृतीला तर्काचं भय इतकं की हेतुशास्त्राच्या आधारानं श्रुतिस्मृतींचा अवमान करणाऱ्या द्विजालाही ती बहिष्कृत करायला सांगते. २५ डिसेंबर १९२७ ला महाडला बाबासाहेबांनी अध्यक्षीय भाषणात १७८९ च्या फ्रेंच राष्ट्रसभेची आठवण दिली, आणि त्याच दिवशी मनुस्मृती जळली. पुढं १९५४ मध्ये त्यांनी रेडिओवर स्पष्ट सांगितलं की स्वातंत्र्य, समता, बंधुता मी फ्रेंच राज्यक्रांतीकडून उसनी घेतलेली नाही, माझे गुरू बुद्ध यांच्याकडून घेतली आहे. यात विसंगती नाही. दुसऱ्यांच्या लढाईची दखल घेणं वेगळं आणि त्यांचं मिंधं होणं वेगळं.

नुसत्या घोषणांनी भागत नाही, हे कालास प्रकरणातनं शिकायचं. अत्याचार झाला की आपण मोर्चा काढतो. काढलाच पाहिजे. पण मोर्च्यानंतर फिर्याद कशी लिहिली गेली, पंचनाम्यात काय गाळलं, कोणत्या साक्षीदाराची जबानी कुणाशी जुळत नाही, हे कोण बघणार? आपल्यातल्या प्रत्येकानं तालुक्यातलं एक प्रकरण हातात घ्यावं. कागद मिळवावेत, माणसांना भेटावं, विसंगती टिपाव्यात, मांडाव्यात. गावकी म्हणेल, रूढी आहे. साहेब म्हणेल, वरून हुकूम आहे. आपण विचारायचं, कारण काय, लेखी द्या. दहा ठिकाणी हाकलतील, अकराव्या ठिकाणी कागद बाहेर येईल.

जयभीम.