मातीची स्मृति

गेलेला काळ परत येत नाहीं. परंतु जातांना तो मातींत आपल्या खुणा ठेवून जातो. त्या ओळखण्यास दिव्यदृष्टि लागत नाहीं. शिकून कमावलेली दृष्टि लागते.

पूर्वीच्या अहमदनगर, आतांच्या अहिल्यानगर जिल्ह्यांत प्रवरेच्या कांठीं नेवासें आहे. तेथें १९५४ ते १९५६ या काळांत पुण्याच्या डेक्कन कॉलेजचे डॉ. ह. धी. सांकळिया व त्यांचे सहकारी यांनीं उत्खनन केलें. इतरांना जेथें नुसती माती दिसली असती, तेथें त्यांनीं तीन हजारांहून अधिक वर्षांपूर्वींचीं घरें ओळखलीं. त्या घरांच्या जमिनीखालीं तोंडाला तोंड लावून पुरलेलीं मडकीं निघालीं. त्यांत लहान मुलांच्या अस्थि होत्या. एका बालकाच्या गळ्यांत तांब्याच्या मण्यांची माळ होती, आणि तांब्याच्या गंजामुळें तिच्यांतील धागाहि टिकून राहिला होता. त्या लोकांनीं आपलें गेलेलें मूल घरापासून दूर केलें नाहीं, एवढें माती सांगते. त्याचें नांव ती सांगत नाहीं.

ग्रंथ पुन्हां वाचतां येतो. मातीचें पान मात्र वाचतां वाचतांच नाहींसें होतें. म्हणून पांढरीच्या टेकाडावर घाईनें कुदळ मारणारा एका ग्रंथाची एकमेव प्रत फाडीत असतो.