पदके आहेत, पण ऑलिंपिकमध्ये वजनगट नाही : नागपूरच्या अल्फिया पठाणची कारकीर्द आणि व्यावसायिक मुष्टियुद्धाचा पर्याय

रायपूर : युवा विश्वविजेतेपद, आशियाई अजिंक्यपद आणि माजी विश्वविजेतीवर एकतर्फी मात. कोणत्याही मुष्टियोद्ध्याला हेवा वाटावा अशी ही कामगिरी नागपूरच्या अल्फिया पठाणने वयाच्या विशीतच केली. मात्र ज्या वजनगटात तिने ही पदके मिळवली, तो महिलांचा सर्वांत वरचा गट ऑलिंपिकमध्ये कधीच समाविष्ट झालेला नाही. आशियाई आणि राष्ट्रकुल क्रीडा स्पर्धांतही महिलांच्या लढती आजवर ७५ किलोपर्यंतच थांबल्या आहेत. त्यामुळे अल्फियाची कारकीर्द हा एका खेळाडूच्या यशाचा आलेख असला, तरी भारतीय महिला मुष्टियुद्धातील एक न सुटलेला प्रश्नही त्यातून पुढे येतो. या प्रश्नाचे एक उत्तर म्हणून व्यावसायिक मुष्टियुद्धाकडे पाहिले जाते. ते उत्तर कितपत खरे आहे, याचा हा आढावा.

नागपूर ते किएल्त्से

रायपूरपासून रेल्वेने सुमारे तीनशे किलोमीटरवर असलेले नागपूर १९५६ पर्यंत या दोन्ही शहरांची राजधानी होते. मध्य भारतातील हा पट्टा मुष्टियुद्धासाठी फारसा ओळखला जात नाही. या खेळातील भारतीय महिलांची पदके प्रामुख्याने मणिपूर, हरियाणा, आसाम आणि तेलंगणातून आली. अशा परिस्थितीत मानकापूरच्या विभागीय क्रीडा संकुलात प्रशिक्षक गणेश पुरोहित यांच्या मार्गदर्शनाखाली घडलेली, पोलीस कर्मचाऱ्याची मुलगी असलेली अल्फिया विदर्भासाठी वेगळी ठरली.

तिचे नाव देशभर पोहोचले ते एप्रिल २०२१ मध्ये. करोनाच्या दुसऱ्या लाटेने देश ग्रासलेला असताना पोलंडमधील किएल्त्से येथे युवा जागतिक अजिंक्यपद स्पर्धा झाली. ८१ किलोवरील गटाच्या अंतिम लढतीत अल्फियाने मोल्दोव्हाच्या दारिया कोझोरेझला ५-० असे हरवले. पाचही गुणपंचांचा कौल तिच्या बाजूने होता. त्या स्पर्धेत भारतीय मुलींनी सात सुवर्णपदके जिंकली. गीतिका, बेबीरोजिसाना चानू, पूनम, विंका, अरुंधती चौधरी आणि सनमाचा चानू या इतर सहा विजेत्या होत्या. मुलांच्या गटातील सचिनचे सुवर्ण धरून भारताने आठ सुवर्ण आणि तीन कांस्य अशी एकूण ११ पदके मिळवली.

युवा गटातील यश वरिष्ठ गटात टिकेलच असे नसते. अठरा वर्षांच्या मुलीला तिथे दहा-दहा वर्षांचा अनुभव असलेल्या प्रतिस्पर्ध्यांशी झुंजावे लागते. अल्फियाने हा टप्पा लवकर पार केला. जुलै २०२२ मध्ये कझाकस्तानच्या राजधानीत झालेल्या एलोर्डा चषक स्पर्धेत तिने यजमान देशाच्या लज्जात कुंगेइबायेवाला अंतिम फेरीत ५-० असे नमवले. कुंगेइबायेवा ही २०१६ ची विश्वविजेती. तिच्याच देशात, तिच्याच प्रेक्षकांसमोर मिळालेला हा एकमुखी विजय होता. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये जॉर्डनची राजधानी अम्मान येथे झालेल्या आशियाई अजिंक्यपद स्पर्धेत, अंतिम फेरीतील यजमान प्रतिस्पर्धी अपात्र ठरल्याने अल्फियाच्या नावावर सुवर्ण लागले. लवलीना बोरगोहेन (७५ किलो), परवीन हुडा (६३ किलो) आणि स्वीटी बूरा (८१ किलो) या भारताच्या इतर सुवर्णविजेत्या होत्या.

पंच्याहत्तर किलोची सीमारेषा

महिला मुष्टियुद्धाला ऑलिंपिकमध्ये प्रवेश मिळाला तो २०१२ च्या लंडन स्पर्धेत. त्या वेळी ५१, ६० आणि ७५ किलो असे तीनच गट होते. टोकियोत ते पाच झाले, पॅरिसमध्ये सहा. २०२८ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये महिला आणि पुरुषांना प्रथमच प्रत्येकी सात गट मिळणार आहेत. गटांची संख्या वाढली, पण महिलांची वरची मर्यादा ७५ किलोवरच राहिली. पुरुषांसाठी सर्वांत वरचा खुला गट कायम आहे. महिलांना तो नाही.

जागतिक अजिंक्यपद स्पर्धेत मात्र हे गट आहेत. ‘वर्ल्ड बॉक्सिंग’ या नव्या आंतरराष्ट्रीय संघटनेच्या रचनेत महिलांसाठी दहा गट असून त्यांत ८० किलो आणि ८० किलोवरील या दोन गटांचा समावेश होतो. २०२५ मध्ये लिव्हरपूल येथे झालेल्या या संघटनेच्या पहिल्या जागतिक स्पर्धेत भारतीय महिलांनी चार पदके जिंकली. ५७ किलोत जास्मिन लंबोरियाने आणि ४८ किलोत मीनाक्षीने सुवर्ण, ८० किलोवरील गटात नूपुर श्योराणने रौप्य, तर ८० किलोत पूजा राणीने कांस्य मिळवले. या चारपैकी केवळ जास्मिनचा गट ऑलिंपिकमध्ये आहे. उरलेल्या तिघींना ऑलिंपिकचे स्वप्न पाहायचे तर वजन वाढवावे किंवा घटवावे लागेल.

हा बदल अशक्य नाही, पण सोपाही नाही. मेरी कोमची बहुतांश जागतिक विजेतेपदे ४८ किलो किंवा त्याखालील गटांत होती. लंडनसाठी तिला ५१ किलोत यावे लागले आणि तिथे तिने कांस्य जिंकले. टोकियोत ६९ किलोत कांस्य मिळवणारी लवलीना, तो गट पॅरिसमधून वगळला गेल्यावर ७५ किलोत गेली आणि २०२३ मध्ये दिल्लीत त्या गटाची विश्वविजेती झाली. त्याच स्पर्धेत ८१ किलोचे जागतिक सुवर्ण जिंकणाऱ्या स्वीटी बूरासमोर ७५ किलोपर्यंत खाली येण्याचे आव्हान होते. सहा किलो घटवणे एकवेळ शक्य होते. पण मूळची बांधणीच भारी असलेल्या, ८१ किलोवरील गटातील खेळाडूला त्याहून कितीतरी अधिक वजन उतरवावे लागते. त्यात ताकद, दम आणि ठोशाचे वजन गमावण्याचा धोका असतो. शिवाय खाली आल्यावर गाठ पडते ती त्याच गटात वर्षानुवर्षे मुरलेल्या खेळाडूंशी.

दुसरी अडचण देशांतर्गत आहे. जागतिक स्पर्धेत प्रत्येक गटात एका देशाची एकच खेळाडू उतरते. सर्वांत वरच्या गटात अल्फियासमोर नूपुर श्योराणसारखी तुल्यबळ प्रतिस्पर्धी आहे. आशियाई क्रीडा स्पर्धेत १९६६ आणि १९७० असे दोनदा सुवर्ण जिंकणारे हवा सिंग हे नूपुरचे आजोबा. २०२३ च्या दिल्लीतील जागतिक स्पर्धेत आणि २०२५ मध्ये लिव्हरपूलला या गटात भारताचे प्रतिनिधित्व नूपुरने केले. ऑलिंपिकचा मार्ग बंद, आशियाई आणि राष्ट्रकुल क्रीडा स्पर्धांतही गट नाही आणि जागतिक स्पर्धेची एकच जागा, असे या गटाचे गणित आहे. रोख पुरस्कार, सरकारी नोकरी आणि प्रायोजकत्व यांत याच मोठ्या स्पर्धांतील पदकांना सर्वाधिक वजन असल्याने या गणिताचा संबंध थेट उपजीविकेशी येतो.

व्यावसायिक रिंगण कसे चालते

व्यावसायिक मुष्टियुद्धात वरच्या वजनाला मर्यादा नाही. तिथे देशाचा संघ नसतो आणि निवड चाचणीही नसते. खेळाडू परवाना घेते, प्रवर्तकाशी करार करते आणि प्रत्येक लढतीसाठी ठरलेले मानधन घेते. डब्ल्यूबीसी, डब्ल्यूबीए, आयबीएफ आणि डब्ल्यूबीओ या चार प्रमुख संस्था प्रत्येक वजनगटात आपापले विजेतेपद देतात. चारही पट्टे एकाच खेळाडूकडे आले की ती त्या गटाची निर्विवाद विजेती मानली जाते.

खेळाचे स्वरूपही बदलते. हौशी गटात महिलांची लढत तीन मिनिटांच्या तीन फेऱ्यांची असते, डोक्याला संरक्षक हेडगार्ड असतो आणि पाच गुणपंच निकाल देतात. व्यावसायिक लढतीत हेडगार्ड नसतो आणि गुणपंच तीन असतात. महिलांच्या फेऱ्या प्रथेप्रमाणे दोन मिनिटांच्या असून नवोदितांसाठी चार, तर विजेतेपदासाठी दहा फेऱ्या होतात. हौशी खेळाडू एका स्पर्धेत आठवडाभरात चार-पाच लढती खेळते. व्यावसायिक खेळाडू वर्षभरात दोन-तीनच खेळते, पण प्रत्येकीसाठी अनेक आठवड्यांची तयारी करते.

वरच्या गटातील खेळाडूसाठी सर्वांत बोलके उदाहरण अमेरिकेचे आहे. डॅनिएल पर्किन्स ही पूर्वाश्रमीची बास्केटबॉलपटू २०१९ मध्ये रशियातील उलान-उदे येथे ८१ किलोवरील गटाची विश्वविजेती झाली. तिच्याही गटाला ऑलिंपिकमध्ये स्थान नव्हते. पुढे ती व्यावसायिक झाली आणि २ फेब्रुवारी २०२५ रोजी मिशिगनमधील फ्लिंट शहरात हेवीवेटच्या निर्विवाद विजेतेपदासाठी क्लॅरेसा शील्ड्ससमोर उभी राहिली. २०१२ आणि २०१६ अशा दोन ऑलिंपिकमध्ये ७५ किलोचे सुवर्ण जिंकणाऱ्या शील्ड्सने ती लढत गुणांवर जिंकली. चार पट्ट्यांच्या काळात तीन वेगवेगळ्या वजनगटांत निर्विवाद विजेती ठरणारी ती पहिली महिला आहे. हौशी क्षेत्रात ज्या गटाला दार बंद होते, त्या गटातील खेळाडू व्यावसायिक क्षेत्रात मुख्य लढतीपर्यंत पोहोचली, हे पर्किन्सने दाखवून दिले.

महिलांच्या लढतींना प्रेक्षक मिळत नाहीत, हा समजही आता मागे पडला आहे. ३० एप्रिल २०२२ रोजी न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये आयर्लंडची केटी टेलर आणि प्वेर्तो रिकोची अमांडा सेरानो यांच्यातील लढत झाली. त्या सभागृहातील कार्यक्रमाची मुख्य लढत महिलांची असण्याची ती पहिलीच वेळ होती आणि दोघींनाही किमान दहा लाख डॉलरच्या घरातील मानधन मिळाले.

भारतातील वास्तव

भारतात हे चित्र दूरचे आहे. मणिपूरची सरिता देवी हे येथील सर्वांत ठळक उदाहरण. २००६ ची विश्वविजेती आणि पाच वेळची आशियाई विजेती असलेल्या सरिताने २०१४ च्या इंचिऑन आशियाई क्रीडा स्पर्धेत उपांत्य लढतीच्या निकालावर आक्षेप घेत कांस्यपदक गळ्यात घालण्यास नकार दिला होता. त्याबद्दल तिच्यावर एक वर्षाची बंदी आली. २९ जानेवारी २०१७ रोजी इंफाळच्या खुमान लाम्पाक संकुलात तिने व्यावसायिक पदार्पण केले आणि हंगेरीच्या जोफिया बेदोला चार फेऱ्यांत गुणांवर हरवले. सुरुवात दिमाखदार होती, तरी ती पुन्हा हौशी क्षेत्रात परतली. २०१९ मध्ये तिने बँकॉकच्या आशियाई स्पर्धेत ६० किलोत कांस्य जिंकले.

लढतींचे सातत्य ही व्यावसायिक कारकिर्दीची पहिली गरज असते. क्रमवारी लढतींवर ठरते आणि क्रमवारीशिवाय विजेतेपदाची संधी मिळत नाही. भारतात महिलांच्या व्यावसायिक लढती होतात. २०२१ मध्ये जालंधरला पंजाबच्या चांदनी मेहराने डब्ल्यूबीसीचे भारतीय विजेतेपद जिंकले. मात्र वरच्या वजनात प्रतिस्पर्धी शोधायलाच परदेशाकडे पाहावे लागते. त्यासाठी प्रवर्तक, प्रक्षेपण आणि प्रवासखर्चाची जुळणी लागते. पोलीस, रेल्वे किंवा सैन्यदलातील नोकरी ही हौशी खेळाडूची सर्वांत मोठी शाश्वती असते. ती सोडून, लढतीगणिक मानधनावर जगण्याचा निर्णय सामान्य घरातील मुलीसाठी सोपा नसतो.

रायपूरने या क्षेत्राची झलक पाहिली आहे. १७ ऑगस्ट २०२२ रोजी शहरातील बलबीर सिंग जुनेजा इनडोअर स्टेडियममध्ये बीजिंग ऑलिंपिकचा कांस्यविजेता विजेंदर सिंगने घानाच्या एलियासू सुलेला दुसऱ्या फेरीत नॉकआउट केले. तोवर अपराजित असलेल्या सुलेविरुद्धचा हा विजय विजेंदरसाठी पुनरागमन होता. आदल्या वर्षी पणजीत मांडवीतील जहाजावर झालेल्या लढतीत रशियाच्या आर्तिश लोप्सानने त्याला व्यावसायिक कारकिर्दीतील पहिला पराभव दाखवला होता. पणजी आणि रायपूर या दोन्ही ठिकाणच्या लढतींनी एक गोष्ट स्पष्ट केली. महानगरांबाहेरही व्यावसायिक मुष्टियुद्धाचा कार्यक्रम उभा राहू शकतो, पण तो एका मोठ्या नावाभोवती उभा राहतो. महिलांच्या बाबतीत असे नाव घडवण्याचे काम अद्याप बाकी आहे.

महाराष्ट्रात गुणवत्तेची वानवा नाही. अल्फियापाठोपाठ पुण्याची देविका घोरपडे नोव्हेंबर २०२२ मध्ये स्पेनमधील ला नुसिया येथे ५२ किलोत युवा विश्वविजेती झाली. अवघ्या दीड वर्षात राज्याला दोन युवा विश्वविजेत्या लाभल्या. देविकासारख्या खेळाडूला एक-दोन किलोच्या फरकाने ऑलिंपिकचा गट गाठता येतो. अल्फियाच्या गटातील खेळाडूला ती सोय नाही. दोघींचे युवा जागतिक सुवर्ण एकाच मोलाचे असले, तरी पुढचे रस्ते वजनकाट्यावर वेगळे होतात.

२०२८ पर्यंत ऑलिंपिकच्या गटांत बदल होण्याची चिन्हे नाहीत. तोवर भारतातील वरच्या गटातील महिलांसमोर तीनच पर्याय उरतात : जागतिक आणि आशियाई अजिंक्यपदांवर समाधान मानणे, वजन उतरवून ७५ किलोत झुंजणे किंवा व्यावसायिक क्षेत्रात उतरणे. तिसरा पर्याय जगात सिद्ध झाला आहे. भारतात तो प्रत्यक्षात यायचा, तर वर्षातून दोन-तीन लढतींची हमी आणि नोकरी सांभाळून खेळण्याची मुभा या दोन गोष्टी आधी जुळून याव्या लागतील.