परित्याग, क्रूरता आणि पुराव्याचा भार : कोल्हापूरच्या संदर्भात

थेरीगाथेतील इसिदासी ही उज्जयिनीच्या श्रेष्ठीची कन्या. साकेतच्या घरी तिला दिले होते. सासूसासऱ्यांची व पतीची ती मनोभावे सेवा करी. तरीही पतीने तिच्यासह राहण्याचे नाकारले. आईवडिलांनी कारण विचारले असता, तिचा काही अपराध नाही, पण ती मला नको, एवढेच तो म्हणाला. तिची रवानगी माहेरी झाली. पुढे आणखी दोन पतींनी तिला असेच टाकले. इसिदासी आपल्या दुःखाचे मूळ पूर्वकर्मात शोधते. इतिहासाच्या अभ्यासकाला मात्र आणखी एक गोष्ट जाणवते. पतीला काहीही सिद्ध करावे लागले नाही आणि तिला दाद मागण्यास ठिकाण नव्हते.

असे ठिकाण निर्माण करण्याच्या प्रयत्नांत कोल्हापूर संस्थानाचे स्थान मोठे आहे. बहुजन समाजातील अनेक जातींत काडीमोडीची रूढी होतीच. पण निर्णय बहुधा जातपंचायतीच्या हाती असे. राजर्षी शाहू छत्रपतींनी १९१७ मध्ये विधवापुनर्विवाहाचा कायदा केला आणि १९१९ मध्ये स्त्रियांच्या छळाविरुद्ध कायदा केला. काडीमोडीचा विषयही त्याच सुमारास संस्थानी कायद्याच्या कक्षेत आणला गेला. घराच्या चार भिंतींतील छळ हा राज्याने दखल घेण्याजोगा अन्याय आहे, ही भूमिका त्यातून प्रस्थापित झाली.

पुढे बडोदे संस्थानाने १९३१ मध्ये व मुंबई प्रांताने १९४७ मध्ये हिंदूंसाठी घटस्फोटाचे कायदे केले. दोहोंत परित्याग हे एक कारण होते. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९५१ मध्ये मंत्रिपद सोडले, त्यामागे हिंदू कोड बिलाची रखडलेली वाटचाल हे एक प्रमुख कारण होते. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यात परित्याग व क्रूरता ही दोन कारणे आरंभी केवळ न्यायिक विभक्ततेसाठी होती. १९७६ च्या दुरुस्तीने ती घटस्फोटाचीही कारणे ठरली. हा कायदा बौद्धांनाही लागू असल्याने धम्मदीक्षित कुटुंबांचे दावेही त्याखालीच चालतात. रूढीने होणारी काडीमोड कायद्याने राखली आहे. मात्र ती रूढी खरोखर चालत आली आहे, हे सांगणाऱ्याने सिद्ध करावे लागते.

परित्याग म्हणजे नुसते वेगळे राहणे नव्हे. सध्याच्या कायद्यानुसार तो दाव्यापूर्वी सलग दोन वर्षे चाललेला असावा लागतो. शिवाय सहजीवन कायमचे संपविण्याचा हेतू, दुसऱ्याच्या संमतीचा अभाव व सबळ कारणाचा अभाव दाखवावा लागतो. सर्वोच्च न्यायालयाने १९५६ मध्ये निकालात काढलेला एक खटला येथे उद्बोधक आहे. पत्नी मुंबईचे घर सोडून जळगावला माहेरी गेली होती. माहेरच्यांनी तिला परत पाठविण्याची तयारी दाखविली, तेव्हा तिला पाठवू नका अशी तार पतीनेच केली. परित्याग सिद्ध झाला नाही, असा निर्णय झाला. घर कोणी सोडले यापेक्षा घराचे दार कोणी बंद केले, हे न्यायालयाने पाहिले.

क्रूरतेविषयी १९७५ च्या एका निकालात न्यायमूर्ती यशवंतराव चंद्रचूड यांनी पुराव्याचे मान स्पष्ट केले. फौजदारी खटल्याप्रमाणे निःसंशय सिद्धता आवश्यक नाही. संभाव्यतेचे पारडे कोणीकडे झुकते ते पाहावयाचे. त्याच निकालाची दुसरी बाजूही ध्यानी घ्यावी. क्रूर वर्तन सिद्ध झाले, परंतु नंतरच्या सहवासाने त्यास क्षमा झाली असे ठरून दावा फेटाळला गेला. छळ सोसत संसार टिकवू पाहणाऱ्या स्त्रीला याचे गांभीर्य सांगावयास नको. पत्रे, वैद्यकीय कागद, पोलिसांतील तक्रार, शेजाऱ्यांची व नातलगांची साक्ष ही म्हणूनच महत्त्वाची ठरतात.

१८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचे खंडपीठ कोल्हापुरात बसू लागले आहे. सहा जिल्ह्यांतील पक्षकारांची मुंबईची खेप त्यामुळे टळली. परंतु अंतर कमी झाले तरी पुराव्याचा भार कमी होत नाही. बंद दारामागे घडलेले सिद्ध करावयाचे, तर ते पाहिलेल्यांनी बोलावे लागते. आमच्या मते शाहू छत्रपतींच्या कायद्याचे अपुरे राहिलेले काम येथे आहे, आणि ते न्यायालयाइतकेच शेजाऱ्याचे आहे. इसिदासी निर्दोष असल्याचे त्या घरात सर्वांनाच ठाऊक होते. तिच्या बाजूने उभे कोणी राहिले नाही.