पिवळ्या दातांच्या बुरशीची कुळकथा

पावसाळ्यात जळोचीच्या शिवारात बांधावर कुजत पडलेलं लाकूड उलटून बघावं. खालच्या अंगाला सालीशी एकजीव झालेला पापुद्रा कधीतरी दिसतो. त्याला ना छत्री, ना देठ. जमिनीकडे लोंबणारे बारीक दात तेवढे असतात आणि त्यांच्यावर बीजाणू धरतात. अशा दातेरी बुरशांपैकी एका पिवळ्या बुरशीची कथा बारामती-इंदापूरच्या उसापर्यंत पोचते, म्हणून ती इथल्या माणसांना ठाऊक असायला हवी.

१८३३ साली क्लोट्झ्श या जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञानं तिला ‘इर्पेक्स फ्लेव्हस’ म्हटलं. १९७३ मध्ये नॉर्वेच्या लैफ रिव्हार्डेन यांनी तिला ‘फ्लेव्होडॉन’ या प्रजातीत नेलं. निव्वळ दात बघून एका घरात बसवलेल्या कितीतरी बुरशा पुढे जनुकांच्या तपासणीत एकमेकींना परक्या निघाल्या. दात वेगवेगळ्या कुळांत स्वतंत्रपणे फुटले आहेत.

या बुरशीचं खरं बळ तिच्या विकरांत आहे. लाकडाला ताठपणा देणारं लिग्निन फार थोड्या जिवांना तोडता येतं. पांढरी कूज आणणाऱ्या बुरशा ते तोडतात, म्हणून कुजलेलं लाकूड फिकट पडतं. १९८३ मध्ये अशाच एका बुरशीत लिग्निन तोडणारं विकर सापडलं आणि संशोधकांच्या लक्षात आलं, की हे विकर निवडक नाही. चिवट रंगद्रव्यांवरही ते चालतं.

गोव्यातल्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेत चंद्रलता रघुकुमार यांनी ही बुरशी मिळवली ती लाकडावरून नव्हे, तर पश्चिम किनाऱ्यालगतच्या प्रवाळ-खाजणातल्या कुजक्या समुद्रगवतातून! १९९९ च्या त्यांच्या शोधनिबंधात तिची लिग्निन तोडणारी विकरं मांडली आहेत. खाऱ्या पाण्यात तगणारी बुरशी कारखान्याच्या सांडपाण्यातही टिकेल, ही त्यामागची आशा मला फार मोलाची वाटते.

कारण माळेगाव आणि भवानीनगरच्या या साखरपट्ट्याला त्या सांडपाण्याची ओळख सांगावी लागत नाही. मळीपासून एक लिटर अल्कोहोल काढताना साधारण ८ ते १५ लिटर स्पेंटवॉश, म्हणजे हेच सांडपाणी, उरतो. त्याचा गडद तपकिरी रंग मेलॅनॉइडिन या चिवट रंगद्रव्यांचा. नेहमीच्या जिवाणूंना तो सहजी हटत नाही. पाण्यात मिसळला, तर उजेड अडतो आणि पाण्यातला प्राणवायू घटतो. २००१ मध्ये रघुकुमार आणि सहसंशोधक रिव्हणकर यांनी ही बुरशी त्यावर वाढवली, तेव्हा आठ दिवसांत सुमारे ८० टक्के रंग गेला.

अर्थात हे प्रयोगशाळेतलं, पाणी घालून पातळ केलेल्या स्पेंटवॉशचं. रोज लाखो लिटर सोडणाऱ्या कारखान्याला आठ दिवस थांबणं परवडत नाही. तिथे बायोगॅस, प्रेसमडसोबत (उसाचा रस गाळून उरलेल्या गाळासोबत) कंपोस्ट, आटवून जाळणं हेच मार्ग रुळले आहेत. २००४ मध्ये गोव्याच्याच संशोधकांनी बुरशी फोमच्या तुकड्यांत वाढवून तीच पुन्हा पुन्हा वापरण्याची वाट धरली.